चाळीस पऱ्यांचे डोळे

आम्हा दोघी बहिणींची वाटणी जन्मतःच झाली. अक्काला हात मिळाले आणि मला तोंड. ही विभागणी आमच्या आईनं केलेली. घरी कुणी आलं की ती हे हमखास सांगायची. अक्का लाजून आत जायची आणि मी पुढं होऊन अक्कानं पोळ्यासाठी केलेली मातीची बैलजोडी दाखवायचे. बैल तिचे, भाषण माझं. वशिंड कसं चढवलं, शिंगं कशी वळवली, झुलीला लालच रंग का लावला, हे मी असं रंगवून सांगायचे की जाताना लोक माझ्याच हातावर खाऊ ठेवायचे. अक्काला त्याचं कधी वाईट वाटलेलं मला दिसलं नाही. किंवा मी तिच्या तोंडाकडं कधी पाहिलंच नसेल. बोलायला लागले की मला फक्त समोरचे लोक दिसतात. शेजारी कोण उभं आहे ते दिसत नाही.

पुढं अक्का नांदेडला दिली आणि मी लातूरला. मी इथं इंग्रजी माध्यमाच्या शाळेत मराठी शिकवते. म्हणजे मुलांना जी भाषा घरी येते ती मी त्यांना परीक्षेपुरती विसरायला लावते. पण माझी खरी ओळख माईकची. स्नेहसंमेलन, निवृत्तीचा निरोप, गुणवंतांचे सत्कार, कुणाच्या एकसष्टीची शांत, सूत्रसंचालनाला मीच. लातुरात क्लासेस इतके आणि गुणवंत इतके की माझ्या घशाला वर्षभर सुट्टी नसते. एकदा तर एका पाहुण्यांचं विमान चुकलं आणि मी रिकाम्या खुर्चीचा परिचय बावीस मिनिटं करून दिला. टाळ्या पडल्या.

अक्का नांदेडला मुखवटे रंगवायची. भाद्रपदात आमच्याकडं घरोघरी महालक्ष्म्या बसतात. त्यांचे पितळी मुखवटे असतात तसे मातीचेही असतात, आणि मातीच्यांचा रंग दोन-चार वर्षांत उडतो. तिच्या गल्लीतल्या, मग शेजारच्या गल्लीतल्या बायका आपापल्या लक्ष्म्या घेऊन तिच्याकडं यायच्या. गाल, ओठ, नथ, कुंकू, सगळं अक्का घरी रंगवून द्यायची. डोळे मात्र द्यायची नाही. मूर्ती करणारे डोळे शेवटी काढतात हे सगळ्यांना ठाऊक आहे. अक्कानं तो नियम आणखी कडक केला होता. मुखवटा ज्या घरचा, त्या घरी तो बसवून झाला की मग अक्का रंगाची डबी आणि बारीक ब्रश घेऊन जायची आणि तिथं डोळे काढायची. सणाच्या आदल्या दिवशी तिची अशी दहा-बारा घरं व्हायची. मी एकदा म्हटलं, "अक्का, घरीच काढून दे की डोळे. एवढी पायपीट कशाला?"

"डोळे उघडले की ते बघायला लागतंय," ती म्हणाली. "मग त्याला पिशवीत घालून, वर भाजी ठेवून न्यायचं व्हय?"

यावर मी हसले होते. पुढं दोन-तीन कार्यक्रमांत हा किस्सा सांगून लोकांनाही हसवलं.

नाताळाचं प्रकरण तिच्या शेजारणीपासून सुरू झालं. शेजारी एक निवृत्त नर्सबाई राहायच्या, ख्रिस्ती. दर नाताळाला गल्लीभर करंज्या वाटायच्या आणि घरात सुरूच्या झाडाची फांदी कुंडीत रोवून ती सजवायच्या. एका वर्षी त्यांच्या सजावटीच्या खोक्यात उंदीर शिरले आणि काही शिल्लक ठेवलं नाही. अक्का म्हणाली, मी करून देते. पण करायच्या आधी जाऊन नीट विचारून आली. "त्यांच्या देवाचं हाय. आपल्या मनानं काही केलं आन् चुकलं तर?"

नर्सबाईंनी सांगितलं, चांदण्या हव्यात, घंटा हव्यात आणि देवदूत हवेत.

"म्हणजे परी," अक्का म्हणाली.

"परी नव्हं हो बाई. देवदूत."

"पंख हायेत ना त्याला?"

"हायेत."

"मग झालं की."

अशा त्या पऱ्या झाल्या. चेहरा मातीचा, लिंबाएवढा. माती कुंभारवाड्यातून आणलेली, चाळलेली, भिजवलेली आणि मग तिच्यात कापूस पिंजून घालून दगडावर बत्त्यानं कुटलेली. कापसानं माती धरून राहते, वाळताना तडकत नाही. आमच्याकडं मूर्तीची माती अशीच करतात. अंग मात्र फेल्टचं. ते जाड, मऊ, कापलं तरी दोरे न सुटणारं कापड अक्कानं पहिल्यांदा हातात घेतलं तेव्हा म्हणाली, "हे तर घोंगडीचं पोरगं दिसतंय." पांढऱ्या फेल्टचा झगा, आत चिमूटभर कापूस, पाठीला दोन पंख, डोक्यामागं लाल दोऱ्याचा फास. पंखांच्या कडेला तिनं घातला होता तो टाका मी आईच्या दुपट्यांवर पाहिला होता.

डोळे अर्थातच नर्सबाईंच्या घरी, फांदीवर पऱ्या लटकल्यावर. ते तिनं मला फोनवर तीनदा सांगितलं. "सगळे उभे होते ग. त्यांच्या बहिणी, जावई, पोरंसोरं. मी डोळे काढून राहिले आन् सगळे गप. एवढे गप की चहाचं पण कुणी इचारलं न्हाई. शेवटच्या परीचे झाले आन् मग त्यांनी गाणं म्हटलं." महालक्ष्म्यांच्या घरी असं होत नसे. तिथं बायका पुरणाच्या घाईत असायच्या. अक्का कोपऱ्यात बसून डोळे काढायची आणि कुणी ओलांडून, कुणी वाकून कामं करायचं. पन्नाशी ओलांडल्यावर पहिल्यांदा कुणीतरी तिला काम करताना उभं राहून पाहिलं होतं. तिसऱ्यांदा सांगताना ती म्हणाली, "असं आणखी एकदा झालं पाहिजे बघ." मी म्हटलं, होईल की. आणि फोन ठेवून कुठल्याशा सत्काराला गेले.

संक्रांतीला आली तेव्हा तिनं मला एक परी आणली आणि माझ्या घरी, माझ्या शोकेसपाशी बसून तिचे डोळे काढले. परी मी पर्सच्या चेनला लटकवली. शाळेत मुलींनी कौतुक केलं. पुढं गणपती गेले, दिवाळीची सुट्टी तोंडावर आली आणि एके दिवशी संस्थेच्या मॅडमनी ती परी पाहिली.

आमच्या मॅडम म्हणजे संस्थाचालकांच्या पत्नी. शाळेत सरस्वतीपूजन, दहीहंडी, नाताळ असं सगळं त्या सारख्याच उत्साहानं करतात. नाताळात पीटीच्या सरांना कापसाची दाढी लावली जाते आणि सर दरवर्षी ती दाढी लावून शिट्टी मारतात. मॅडमनी परी तळहातावर घेतली.

"किती गोड. हँडमेड?"

"हो ना."

"तुम्ही केली?"

आता हा क्षण मी शेकडो वेळा पुन्हा उभा केला आहे, वेगवेगळ्या प्रकाशयोजनेत. मी खोटं बोलले नाही. मी फक्त मान थोडी खाली घातली, पदर सारखा केला आणि स्टेजवर प्रमुख पाहुणे ज्या स्वरात बोलतात त्या विनयानं म्हणाले, "असंच आपलं, घरच्या घरी." खोटं बोलायची गरजच पडली नाही. मॅडमनी टाळी वाजवली. स्टाफरूममध्ये सगळ्यांना बोलावून सांगितलं, बघा, आपल्यातच केवढी कलावंत लपलेली आहे. इतिहासाच्या बाई, ज्यांनी माझ्या कुठल्याही कामाला कधी बरं म्हटलं नव्हतं, त्यासुद्धा म्हणाल्या, वा. आता सगळ्यांसमोर "माझी नाही हो, बहिणीची" म्हणायचं म्हणजे ते वा परत द्यावं लागलं असतं. मी दिलं नाही.

"मला नाताळाला अशा चाळीस हव्यात," मॅडम म्हणाल्या. "हॉलमध्ये मोठं झाड करू. आणि पालकांना तुम्ही डेमो द्या."

रात्रीपर्यंत थांबायला नको म्हणून मी मधल्या सुट्टीतच अक्काला फोन लावला.

"अक्का, आमच्या शाळेला चाळीस पऱ्या पाहिजेत."

"चाळीस? त्यांनी माझ्याच मागितल्या?"

"बघताक्षणी."

हेही खोटं नव्हतं. ती म्हणाली, "मग डोळे काढायला मला यावं लागंल. झाड कधी उभं करणार हायेत?"

"बघू," मी म्हटलं. या शब्दानं मी पुढचे दीड महिने काढले.

अक्का दर दोन दिवसांनी फोन करून किती झाल्या ते सांगायची. माती कुटून मनगट धरलं तर तेल लावून बसायची आणि पुन्हा कुटायची. डिसेंबरात मी पऱ्या आणायला नांदेडला गेले. ओट्यावर दोन सुपांत चाळीस चेहरे मांडले होते. गाल गुलाबी, ओठ बारीक, केस काळेभोर, आणि डोळ्यांच्या जागी नुसता गुळगुळीत मातीचा रंग. मला उगाच वाटलं, सगळ्याजणी माझ्या बोलण्याकडं कान देऊन आहेत.

अक्कानं कपाटातून साडी काढून दाखवली. हिरवी, काठाची. "ही नेसू का? शाळेत जरा बरी दिसंल." मग साडी मांडीवर तशीच ठेवून म्हणाली, "दोन शब्द बोलायला लावतात का ग तिथं?"

"कुणाला?"

"मला." ती हसली. "म्हणजे लावलेच तर. मी म्हटलं, मातीत कापूस कसा घालायचा तेवढं सांगीन. तेवढं येतंय मला सांगता."

तिनं तसं पाठही केलं होतं. मला म्हणूनही दाखवलं, साडीच्या घडीकडं बघत, चार वाक्यं. चौथ्या वाक्याला अडली आणि पुन्हा पहिल्यापासून सुरू केलं. मी तिथंच सगळं सांगून टाकायला हवं होतं. शिव्या दिल्या असत्या, एक दिवस जेवली नसती, दुसऱ्या दिवशी विसरली असती. मी काय केलं? तिच्या खांद्यावर थाप मारून म्हटलं, "तू नुसती बस ग. बोलायला मी आहे ना."

परतताना एस्टीत पऱ्यांचं खोकं मांडीवर होतं. लोहा गेलं, अहमदपूर गेलं, आणि चापोलीच्या आसपास मी ठरवलं की अक्का लातूरला येता कामा नये. लोकांना वाटतं असले निर्णय घेताना माणसाला घाम फुटतो. मी शेंगा खात होते.

घरी येऊन फोन केला. म्हटलं, शाळेनं नियम केलाय, बाहेरच्या माणसांना आत सोडत नाहीत, परीक्षा चालू आहेत.

"मग डोळे?"

"मी काढते."

"तुला येतंय?"

"त्यात काय अवघड आहे? दोन टिंबं तर द्यायची."

पलीकडं तिच्या घरच्या पंख्याचा आवाज येत होता. डिसेंबरात पंखा कशाला लावला असेल, असा फालतू प्रश्न माझ्या मनात आला. माती वाळवायला लावायची ती. अजून दोन-चार जादा करत असावी, वाटेत फुटल्या तर असू देत म्हणून.

"बरं," ती म्हणाली. "ब्रश बारीक घे."

डोळे मी स्टाफरूममध्ये, दुपारच्या रिकाम्या तासाला काढले. पहिल्या तिघी बऱ्या झाल्या. चौथीपासून हात कंटाळला. कुणी वटारून बघू लागली, कुणी चकणी झाली, एक तर थेट आमच्या सासूबाईंसारखी दिसायला लागली आणि ती मी मागच्या बाजूला लटकवायची ठरवली. विसाव्या परीपासून मी ब्रश ठेवून काळा मार्कर घेतला. झाडावर चाळीस जणी लटकल्या तेव्हा मॅडम म्हणाल्या, ब्यूटिफुल. एकालाही काही कळलं नाही. याचं मला हायसं वाटलं आणि थोडा रागही आला.

आता माझी चूक. आतापर्यंत सांगितल्या त्या चुका नव्हत्या, ते सगळं मी समजूनउमजून केलं होतं. चूक ही की शाळेनं छापलेली पत्रिका मी मोबाइलवर स्टेटसला ठेवली. वर माझा फोटो, खाली 'माती आणि फेल्टपासून नाताळची सजावट : प्रात्यक्षिक आणि मार्गदर्शन', आणि त्याखाली माझं नाव, मागं 'कलावंत' लावून. एवढा फोटो चांगला आला होता, कसा ठेवला नसता? माझं स्टेटस कोण कोण बघतं ते मी रोज बघते. त्या दिवशी नेमकं बघितलं नाही.

अक्का पहाटेच्या गाडीनं निघाली. दहाच्या सुमारास शाळेच्या गेटवर आली, तर तिला कुणी अडवलंच नाही. पालक म्हणून सगळ्यांना आत सोडत होते. हे मला नंतर वॉचमननं सांगितलं.

मी स्टेजवर माईक घेऊन उभी. हॉलमध्ये दीडशे पालक, बहुतेक आया. मी सुरुवात झकास केली. पोळ्याचे बैल काढले, आमच्या आईच्या अंगणातली माती काढली, मातीशी माणसाचं नातं काढलं. एका बाईनं डोळे पुसले. मग टेबलावर माती घेतली. मी बाजारातून आणलेली, पाकिटातली शाडू, पाणी घालून कशीतरी मळलेली. चेहरा वळायला लागले तशी ती हाताला चिकटायची, पण गोळ्याला गोळा चिकटेना. गोळा दाबला की कडेला भेगा. नाक लावलं, पडलं. मी विनोद केला, लोक हसले. पुन्हा नाक लावलं, पुन्हा पडलं. दुसऱ्या विनोदाला कमी हसले.

तेव्हा मला शेवटच्या रांगेत हिरवी साडी दिसली.

ती मला बघत नव्हती. बाजूच्या झाडाकडं बघत होती. तिच्या हाताशी येईल अशी एक परी होती, ती तिनं तळहातावर घेतली, उजेडाकडं केली आणि अलगद सोडून दिली. मग दुसरी बघितली. मांडीवर पिशवी होती. त्या पिशवीत काय होतं ते मला नंतर कळलं.

मी बोलत राहिले. बोलणं हा माझा धंदाच आहे. घराला आग लागली तरी मी आभारप्रदर्शन करून मगच बाहेर पडेन. मॅडम म्हणाल्या, कुणाला काही विचारायचं असेल तर विचारा. दोघी-तिघींनी विचारलं, फेल्ट कुठं मिळतं, किती दिवस टिकतं. आणि मग शेवटच्या रांगेत अक्का उभी राहिली. पदर दोन्ही खांद्यांवरून घेतला होता. आयुष्यात पहिल्यांदा ती भरल्या सभेत बोलत होती आणि तिचा आवाज माझ्या अपेक्षेपेक्षा फार स्वच्छ होता.

"बाई," ती म्हणाली, "तुम्ही हे कुणाकडून शिकलात?"

दुसरं काही विचारलं नाही तिनं. हे डोळे कुणी काढले, हे नाही. मातीत कापूस का नाही, हे नाही. ती मला जागा करून देत होती. एवढ्या लोकांसमोर, कुणालाही कळू न देता, माझ्यासाठी एक दार उघडून धरून उभी होती. मी एवढंच म्हणायचं होतं, "माझ्या बहिणीकडून. त्या बघा, तिथं उभ्या आहेत." मी ते किती सुंदर म्हटलं असतं. टाळ्यांचा कडकडाट झाला असता. अक्काला वर बोलावलं असतं, तिनं चार वाक्यं म्हटली असती, चौथ्याला अडली असती.

पण मॅडम पहिल्या रांगेत माझ्याकडं कौतुकानं बघत होत्या. इतिहासाच्या बाई वही घेऊन बसल्या होत्या.

मी म्हटलं, "कुणाकडून असं नाही. बघत बघत, आपलं आपणच."

"बरं," अक्का म्हणाली आणि खाली बसली.

पालकांच्या दोन तुकड्या केल्या होत्या आणि मधे पंधरा मिनिटांची चहाची सुट्टी होती. मी स्टेजवरून उतरून शेवटच्या रांगेपर्यंत जाईतो खुर्ची रिकामी. गेटपाशी गेले. वॉचमननं मला एक स्टीलचा डबा दिला. "एका बाई देऊन गेल्या, मॅडम. म्हणल्या, ह्यांना लागंल." डब्यात ओल्या फडक्यात गुंडाळलेली माती होती. कापूस घालून, कुटून, लोण्यासारखी केलेली. ती मला पकडायला आली नव्हती. मी मातीला कधी हात लावलेला नाही, तिथं माझी फजिती होईल, म्हणून नांदेडहून माती घेऊन आली होती.

आता जे सांगते त्यासाठी मला अजून विनोद सापडलेला नाही. पालकांची दुसरी तुकडी बसली तेव्हा मी तीच माती वापरली. नाक बसलं, ओठ बसले, एक भेग आली नाही. दुसरी तुकडी म्हणाली, तुमच्या हातात जादू आहे.

अक्का त्या दिवशी माझ्या घरी न येता स्टँडवरून परस्पर परत गेली. मी फोन केले, उचलले नाहीत. चौथ्या दिवशी उचलला, आणि भांडण असं काही झालंच नाही. भांडली असती तर मी जिंकले असते, हे तिला ठाऊक असावं. "प्रवास नीट झाला," म्हणाली. "तुमच्याकडं सगळे बरे हायेत ना?" तुमच्याकडं.

मला शाळेत कलाविभागाचं प्रमुख केलं. पुढच्या डिसेंबरात मॅडम म्हणाल्या, यंदा साठ करा, आणि पुढच्या वर्षी येशूच्या गव्हाणीपाशी ठेवायला मेंढ्याही करा. मी अक्काला विचारायचं धाडस केलं नाही. हैदराबादला जाणाऱ्या एका ओळखीच्यांना सांगून बाजारातले तयार लटकन मागवले आणि घरी बसून एकेकाच्या पाठीवरची किमतीची चिकटपट्टी नखानं काढली. तेही खपले. मग मात्र मला राहवलं नाही. फार उदात्त काही नव्हतं. पुढच्या वर्षीच्या मेंढ्यांची भीतीही होती. मी मॅडमच्या केबिनमध्ये जाऊन सगळं सांगितलं. पर्सची परी, चाळीस चेहरे, डोळे, डबा, सगळं. सांगताना माझा आवाज थरथरला, आणि तो किती छान थरथरतोय हेही माझ्या लक्षात आलं.

मॅडमनी शांतपणे ऐकून घेतलं. "अहो, एवढंच ना?" त्या हसल्या. "टीमवर्क म्हणतात त्याला. कुणी का केलेल्या असेनात, शाळेत तर तुम्हीच आणल्यात. आता हे कुठं बोलू नका, पालकांत उगाच चर्चा होते. आणि मेंढ्यांचं बघा."

तरी मी सांगितलं होतं, ही गोष्ट खरी होती. तेवढं घेऊन मी रविवारी नांदेड गाठलं. अक्का भाजी आणायला निघालीच होती, हातात पिशवी, पायात चप्पल. मी दारातच सांगितलं, "अक्का, मी मॅडमना खरं सांगितलं. पऱ्या तुझ्या होत्या म्हणून सांगितलं."

"हाव का," ती म्हणाली.

"सगळं सांगितलं. काही लपवलं नाही."

"दार लावून?"

मला पटकन कळलं नाही.

"केबिनीत सांगितलं ना? दार लावलेलं होतं का उघडं होतं?"

"लावलेलं होतं."

तिनं मान हलवली. "न्हाई सांगितलं, तेव्हा दीडशे माणसं होती. सांगितलं तेव्हा एक." रागानं नाही म्हणाली. मोजमापात चूक झाल्यासारखं म्हणाली. "ती दीडशे माणसं आता कुठून गोळा करणार तू?"

मी काही बोलले नाही. मी काही बोलले नाही असं माझ्या आयुष्यात फार वेळा घडलेलं नाही, म्हणून ते इथं लिहून ठेवते. त्या आया आता पांगल्या आहेत, मुलं वरच्या वर्गांत गेली, काही लातूर सोडून गेली. त्यांच्यातल्या कुणी कधी त्या दिवसाची आठवण काढलीच तर एवढंच म्हणतील, शाळेतल्या त्या बाई किती छान करायच्या.

अक्कानं कुलूप लावलं. "भाजीला येता का, का बसता?" मी म्हटलं, येते. दोघी चालत बाजारात गेलो. ती पुढं, मी एक पाऊल मागं. तिनं मेथी निवडून घेतली, वांगी बघितली, परत ठेवली. भाजीवाली तिच्या ओळखीची होती. तिनं माझ्याकडं बघून विचारलं, "ह्या कोण हो अक्का? बहीण का? तोंडावळा लागतोय."

अक्का मेथीची जुडी झटकत होती. माती झडेपर्यंत झटकली, पिशवीत ठेवली.

"लातूरच्या पाव्हण्या हायेत," ती म्हणाली. "कोथिंबीर ताजी दे."